काढ्याने बरा झालेला कॅन्सर

"तुम्ही नक्की कसल्या डॉक्टर?" सिंगापूरमधल्या आपल्या मंडळींत माझी ओळख झाली की दुसरं वाक्य हेच असतं. पॅथॉलॉजिस्ट म्हटलं की निम्मे लोक मोबाइल काढून आपला कोलेस्टेरॉलचा रिपोर्ट दाखवतात. उरलेले "म्हणजे पोस्टमॉर्टेम?" असं विचारून आपली प्लेट जरा लांब सरकवतात. समजावून सांगायचा मी केव्हाच नाद सोडला आहे. पण दिवाळी अंकाच्या संपादकांनी आग्रह केला आहे आणि मी आता अर्धवेळ काम करते, तेव्हा सांगूनच टाकते.

माझं काम तुकडे बघण्याचं. सर्जनने पेशंटच्या शरीरातून काढलेला तुकडा फॉर्मॅलिनच्या बाटलीत बुडून माझ्या विभागात येतो. फॉर्मॅलिन म्हणजे मांस सडू न देणारं, नाकाला झोंबणारं पाणी. मग तो तुकडा मेणात बसवायचा, त्या ठोकळ्याचे कांद्याच्या पापुद्र्याहून कितीतरी पातळ काप काढायचे, कोमट पाण्यावर तरंगवून काचपट्टीवर घ्यायचे आणि गुलाबी-जांभळ्या रंगांत रंगवायचे. पट्टी तयार झाली की मी मायक्रोस्कोपला डोळे लावते आणि रोगाचं नाव लिहिते. शितावरून भाताची परीक्षा म्हणतात ना, तो आमचा पोटापाण्याचा धंदा आहे. काही सर्जन तर खरोखर शिताएवढाच तुकडा पाठवतात आणि त्यातून अख्खं महाभारत वाचून दाखवा म्हणतात.

त्यातही माझा हात बसला तो पोटाच्या अस्तरावर. पोटाच्या पोकळीला आतून एक पातळ, ओलसर, चकचकीत अस्तर असतं, आणि तेच आतड्यांवरूनही गेलेलं असतं. डाळिंब सोलताना दाण्यांच्या मध्ये पापुद्रा लागतो, तसंच काहीसं. धडधाकट असतं तोवर ते कोणाच्या खिजगणतीतही नसतं. बिघडलं की पोटात पाणी होतं, पोट फुगतं आणि स्कॅनमध्ये अस्तरावर दाणे दिसतात. हे दाणे कसले, हा सगळा प्रश्न. अंडाशयातून किंवा जठरातून पसरलेल्या कॅन्सरचे असू शकतात, अस्तराच्या स्वतःच्या कॅन्सरचे असू शकतात, टीबीचे असू शकतात. कधी अस्तर नुसतंच चिडलेलं असतं आणि त्याच्या पेशी कॅन्सरचं सोंग घेऊन बसतात. अगदी पोट उघडून डोळ्यांनी पाहिलं तरी पुष्कळदा फरक कळत नाही. शेवटी तुकडा घ्यावाच लागतो, आणि मग सगळे माझ्याकडे तोंड करून बसतात.

काचपट्टी सगळं सांगते, हा मात्र तरुणपणीचा भ्रम. सेम्बावांगला राहणाऱ्या एका म्हाताऱ्या चिनी गृहस्थांचा तुकडा आला होता. अस्तराच्याच पेशी, पण वाटेल तशा वाढून खालच्या चरबीत घुसलेल्या. हा कॅन्सर दुर्मीळ, त्यामुळे नाव लिहिताना हात थबकतो. मी वॉर्डात फोन करून म्हटलं, अंकलना विचारा, तरुणपणी काय काम करत होते. वॉर्डातल्या तरुण डॉक्टरला वाटलं, बाईंना आज काम नाही. थोड्या वेळाने त्याचाच फोन आला. अंकल शिपयार्डात वाफेच्या पाइपांना अ‍ॅस्बेस्टॉस गुंडाळायचे, आणि दुपारी त्याच पोत्यांवर झोपायचे, कारण ती मऊ असायची. अस्तराच्या या कॅन्सरचं मूळ पुष्कळदा अ‍ॅस्बेस्टॉसच्या धुळीतच असतं. आणखी चाचण्या करून मी नाव लिहिलं. निदान अचूक होतं आणि अंकलना त्याचा फारसा उपयोग झाला नाही. अशा दिवशी मला डबा जात नाही.

आता जी गोष्ट सांगायला बसले ती. ज्यांची आहे त्यांनी लिहायला होकार दिला आहे. नावं मी बदलली आहेत.

स्वाती पुण्याची. नवरा निखिल वन-नॉर्थला एका कंपनीत इंजिनियर, एम्प्लॉयमेंट पासवर, म्हणजे इथल्या नोकरीच्या परवान्यावर, आलेला. तेव्हा मी तिला ओळखत नव्हते. माझ्या लेखी ती तिशीतली, अजून मूल न झालेली, पोटात पाणी झालेली एक बाई होती. वजन उतरलेलं, रक्तात अंडाशयाच्या कॅन्सरची खूण चढलेली, स्कॅनमध्ये अस्तरभर दाणे. सगळ्यांच्या मते हा पसरलेला कॅन्सर होता. सर्जन डॉ. लिम यांनी तिची संमती घेऊन ठेवली होती. आधी दुर्बीण घालून बघायचं, तुकडा तपासायचा, आणि कॅन्सर निघाला तर त्याच बैठकीत पोट उघडून गर्भाशय आणि दोन्ही अंडाशयं काढून टाकायची.

अशा वेळी मेणाचे लाड करायला सवड नसते. तुकडा गोठवायचा, कापायचा, रंगवायचा आणि पेशंट टेबलावर भुलीत असतानाच फोनवर उत्तर द्यायचं. त्यात पोटातल्या तुकड्याला चरबी फार, आणि चरबी धड गोठत नाही. काप चुरगळतात, फाटतात. आमची टेक्निशियन मलायमध्ये काहीतरी पुटपुटत कापत होती, ते आशीर्वाद नव्हते एवढं मला कळत होतं.

पट्टी बघितली आणि मला कॅन्सर दिसेना. दिसले ते पेशींचे गोल घोळके, त्यांच्यात काही अवाढव्य पेशी, आणि घोळक्याच्या मधोमध पनीर कुस्करल्यासारखा मेलेला भाग. मिरजेला शिकत असताना हे चित्र इतकं बघितलं होतं की कंटाळा यायचा. हा टीबी होता. मी आणखी काप काढायला लावले. त्यांतही तेच.

ऑपरेशन थिएटरला फोन लावला. "कॅन्सर नाही. टीबी वाटतोय. पोट उघडू नका."

"डॉक्टर, मी समोर बघतोय," डॉ. लिम आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाले. "सगळीकडे दाणे आहेत. कन्फर्म कॅन्सर, लाह! तुमच्या तुकड्यात आला नसेल."

"मग दुसऱ्या जागेचे पाठवा. अंडाशयावरचाही पाठवा. मी थांबते."

"पेशंट टेबलावर आहे."

"म्हणूनच सांगतेय. आज काढलंत तर उद्या परत बसवता येणार नाही."

डॉ. लिम तापट आहेत, पण ऐकणारे आहेत, आणि असे सर्जन मला प्रिय आहेत. "पाठवतो," ते म्हणाले.

"आणि एक. त्यातला एक तुकडा फॉर्मॅलिनमध्ये टाकू नका. नुसत्या सलाइनमध्ये द्या."

हे सांगावं लागतं, कारण टीबीची खात्री करायची तर जंतू प्रयोगशाळेत वाढवून बघावे लागतात, आणि फॉर्मॅलिनमध्ये जंतू मरतो. सगळ्यांना कॅन्सरची खात्री असली की थिएटरमध्ये सवयीने सगळेच तुकडे फॉर्मॅलिनमध्ये जातात, आणि मग मागाहून डोक्याला हात लावायची पाळी येते. ही चूक अडाणी माणसं करत नाहीत, फार अनुभवी माणसं करतात.

नवे तुकडे आले. त्यांतही टीबीच. डॉ. लिमनी दुर्बीण काढली, छोटी छिद्रं शिवली, आणि स्वाती जे घेऊन आत गेली होती ते सगळं घेऊन बाहेर आली. काही आठवड्यांनी सलाइनमधल्या तुकड्यातून जंतू वाढले आणि शिक्कामोर्तब झालं. छाती स्वच्छ होती, म्हणजे तिच्यापासून कोणाला लागण व्हायची भीती नव्हती. सहा महिने गोळ्या घेतल्या की बरी.

पॅथॉलॉजिस्टला भेटायला पेशंट येत नाही. त्याला आमचं अस्तित्वच माहीत नसतं. पण रिपोर्टखालचं मराठी आडनाव वाचून स्वाती मला शोधत आली, बेसनाचे लाडू घेऊन. मला मनापासून आनंद झाला. लाडू खाऊन झाल्यावर ती म्हणाली, "डॉक्टर, एक विनंती होती. आम्ही घरी आणि इथे सगळ्यांना कॅन्सरच सांगितलाय."

मला वाटलं, माझ्या ऐकण्यात चूक झाली. "अगं, कॅन्सर नाही म्हणून पेढे वाटायचे सोडून?"

"सासूबाईंच्या बहिणीला टीबी झाला होता. बरी झाली तरी तिचं ताट-वाटी शेवटपर्यंत वेगळं होतं. त्या मला स्वयंपाकघरात पाऊल टाकू देणार नाहीत. आणि निखिलचा पास रिन्यू व्हायचाय. कोणी ऑफिसात बोललं तर? कॅन्सर म्हटलं की लोक निदान डबा तरी आणून देतात."

मी तिला पोटाच्या टीबीबद्दल सगळं सांगितलं. तुझ्यापासून कोणालाही धोका नाही, पासाबद्दल मनाचे खेळ करत बसू नकोस, क्लिनिकमध्ये सरळ विचार, असंही सांगितलं. पण घाबरलेल्या माणसाचे कान बंद असतात. गुपित तिचं होतं आणि तोंड बंद ठेवणं हे माझं काम होतं. ते मी ठेवलं.

पुढचं मला नंतर कळलं. टीबीच्या गोळ्या इथे क्लिनिकमध्ये जाऊन नर्ससमोर गिळायच्या असतात. स्वाती रोज सकाळी "फिरायला जाते" म्हणून जायची. मदतीला पुण्याहून सासूबाई आल्या. केमो झेपणार नाही म्हणून डॉक्टरांनी नुसत्या गोळ्या दिल्यात, असं त्यांना सांगितलेलं. त्यांनी गुळवेल, हळद आणि आणखी कसकसल्या मुळ्यांचा काढा सुरू केला. आता टीबीच्या गोळ्यांत एक अशी असते की तिने लघवी केशरी होते. सासूबाईंनी ते पाहिलं आणि त्यांना खात्रीच पटली की काढ्याने कॅन्सर बाहेर पडतोय. स्वाती काही बोलली नाही. बोलणार काय? सहा महिन्यांत पोट सपाट झालं, गालांवर तेज आलं, डोक्यावरचा एक केस गळला नाही. सासूबाई पुण्याला परत गेल्या, पण काढ्याची कृती, केशरी रंगाच्या खुणेसकट, आपल्या सगळ्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर फिरत राहिली.

मी असल्या कृती वाचत नाही, त्यामुळे मला पत्ता नव्हता. मग बिशानला, आमच्या शेजारच्या कॉन्डोच्या फंक्शन रूममध्ये, संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. तिथे मीनाताई भेटल्या. मीनाताईंनी मुंबईला शाळेत जन्मभर गणित शिकवलं. आता मुलाकडे, मंदारकडे, राहतात आणि रविवारी इथल्या मुलांना मराठी शिकवतात. मुलं "डोन्ट वॉन्ट, लाह" म्हणत येतात आणि श्लोक म्हणत जातात. त्यांच्या पोटात पाणी झाल्याचं मला ठाऊक होतं. दुसऱ्या रुग्णालयात तपासणी होऊन अंडाशयाचा कॅन्सर निघाला होता, अस्तरावर पसरलेला. तुकडा तपासूनच निघाला होता, त्यात शंकेला जागा नव्हती. आधी केमो आणि मग ऑपरेशन, असं तिथल्या डॉक्टरांनी ठरवलं होतं.

"मी केमो घेणार नाही म्हणून सांगून आले," मीनाताई माझ्या हातावर तिळगूळ ठेवत म्हणाल्या. "स्वातीचा काढा घेतेय. पोरीचं पोट एवढं झालं होतं, आता बघा कशी झालीय." मग त्यांनी आवाज खाली आणला. "माझी लघवी अजून केशरी होत नाहीये हो. वेळ लागत असेल, नाही? माझं वय जास्त."

तिळगूळ माझ्या हातातच राहिला. मी त्यांना बाजूला घेऊन खूप बोलले. काढ्याने हा रोग जात नाही, केमोने मागे हटतो, आत्ता वेळ आहे, उद्या नसेल. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि खोलीच्या दुसऱ्या टोकाला वाण वाटणाऱ्या स्वातीकडे बोट दाखवलं. "हातच्या काकणाला आरसा कशाला?"

त्यानंतर मी त्यांच्या घरी जात राहिले. प्रत्येक वेळी पोट वाढलेलं दिसायचं, चेहरा उतरलेला. मंदार म्हणायचा, "आई माझं ऐकत नाही, तुम्हीच सांगा." मी सांगून सांगून थकले. "स्वातीला कॅन्सर नव्हता" एवढं एकच वाक्य पुरलं असतं आणि तेवढंच मला बोलता येत नव्हतं. पेशंटचं गुपित पेशंटचं असतं. ते डॉक्टरने आपल्या मर्जीने फोडायचं नसतं, मग कारण कितीही चांगलं असो. हे मला आजही पटतं. पण त्या दिवसांत माझी तळमळ तळमळ होत होती, आणि संताप कोणावर काढावा तेही कळत नव्हतं.

शेवटी मी स्वातीलाच गाठलं. तिच्या घराजवळच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या खाऊगल्लीत, कॉफी घेऊन बसलो. मीनाताईंचं ऐकून ती पांढरी पडली. "मी कोणालाच काढा प्या म्हटलं नाही हो."

"नाही म्हटलंस. पण काढ्यानेच बरं वाटलं का, असं विचारणाऱ्याला नाहीही म्हटलं नाहीस."

ती रडायला लागली. शेजारच्या टेबलावरचा चिनी माणूस मलाच रागाने बघत होता. "मला थोडा वेळ द्या," ती म्हणाली.

"मी देईन गं. मीनाताईंचं पोट देणार नाही."

तीन-चार दिवस काही नाही. मी आशा सोडली होती. मग तिचा फोन आला. "आज संध्याकाळी जाऊ या. निखिलला विचारलं नाही, सांगितलं."

मंदारने दार उघडलं तेव्हा घरभर काढ्याचा कडू वास होता. मीनाताई सोफ्यावर उशांना टेकून बसल्या होत्या. स्वातीला बघून त्यांना इतका आनंद झाला की मला खाली बघावं लागलं. "ये गं ये. तूच सांग आता या डॉक्टरीणबाईंना."

स्वाती त्यांच्याजवळ बसली. "मावशी, मला कॅन्सर झालाच नव्हता."

"काय म्हणालीस?"

"पोटाचा टीबी होता. लोक काय म्हणतील म्हणून आम्ही कॅन्सर सांगितलं. मी रोज क्लिनिकमध्ये जाऊन गोळ्या घेत होते. तो केशरी रंग त्या गोळीचा होता, मावशी. काढ्याचा नव्हता."

मीनाताई उशा सोडून सरळ बसल्या. "म्हणजे माझी केशरी होणारच नव्हती."

"नाही."

त्या माझ्याकडे वळल्या. "तुम्हाला माहीत होतं?"

"हो. तिचा तुकडा मीच तपासला होता."

"आणि संक्रांतीपासून मला नुसतं केमो घ्या, केमो घ्या करत बसलात?"

"तिचं गुपित मला फोडता येत नव्हतं, मीनाताई."

"मग आज तरी कशाला आलात?" त्यांचा आवाज चिरकला. "सुखात होते ना मी. रोज सकाळी उठून बघायचे, आज रंग बदलला का. आता मी काय बघू?"

मंदार "आई" म्हणाला, त्याला त्यांनी हातानेच गप्प केलं. मायक्रोस्कोपवर बसणाऱ्या माणसाला एक सोय असते, पेशंटचा चेहरा बघावा लागत नाही. ती सोय त्या संध्याकाळी नव्हती.

बोलल्या त्या मीनाताईच, आणि स्वातीशी. "रोज जायचीस गोळ्या घ्यायला? बरोबर कोण असायचं?"

"कोणी नाही. कोणाला सांगितलंच नव्हतं ना."

"नवरा?"

"आम्हाला दोघांना एकत्र तिथे कोणी बघू नये, असं ठरलं होतं."

"सहा महिने एकटी?"

स्वातीने मान हलवली. मीनाताईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला आणि मंदारला म्हणाल्या, "उद्या सकाळी उठल्या उठल्या तुझ्या त्या डॉक्टरांना फोन लाव. म्हणावं, आई येतेय." मंदार आतल्या खोलीत निघून गेला, डोळे पुसायला गेला असावा. केमो पुढे लागू पडली, ऑपरेशनही झालं, आणि रोग पुरता गेलेला नसला तरी थोपून आहे. हे आत्ताच सांगून टाकते, वाचणाऱ्याच्या जिवाला घोर नको.

"आणि तू यायचंस माझ्याबरोबर," त्या स्वातीला म्हणाल्या. "दर खेपेला. मंदारला रजा मिळत नाही आणि मला एकटीला तिथे बसायची भीती वाटते."

"येईन, मावशी."

"तिथे आपल्यापैकी कोणी भेटलं आणि विचारलं, स्वाती, तुला गं काय झालं होतं, तर?"

स्वाती हळूच म्हणाली, "टीबी."

"वर्गात मागच्या बाकापर्यंत ऐकू गेलं पाहिजे," मीनाताई म्हणाल्या.

"टीबी झाला होता मला," स्वाती म्हणाली.